सळया ओढून बघणारा अमरदीप

"मंगळवार, ११ जून २०२४. सकाळपासून ढग, पाऊस नाही. दूधवाला उशिरा आला. कैरीचं लोणचं भरलं, मीठ थोडं जास्त झालं असावं. हर्षाचा बंगळूरहून फोन, तब्येत ठीक. अमरने लॅबमधला जुना हार्डनेस टेस्टर भंगारात दिला. दुपारी त्याचा फोन : ओढायची मशीन सुरू होत नाही. वीज दोनदा गेली."

संध्याकाळची बुद्धवंदना आटोपली की संघमित्राबाई रामटेके डायरी लिहायला बसत. नागपूरच्या कॉन्व्हेंटमध्ये सिस्टरांनी लावलेली ही सवय. नवरा सुगत गेला त्या दिवशीचंही पान त्यांनी कोरं ठेवलं नव्हतं. त्या मंगळवारी दिराच्या मशीनची बातमी त्यांनी लोणचं आणि वीज यांच्या मध्ये एका ओळीत बसवून टाकली. मशीन बंद पडते, मग सुरू होते. त्यात जास्त लिहिण्यासारखं काय आहे, असंच त्यांना वाटलं.

अमरदीप हा सुगतचा धाकटा भाऊ. वडील धोंडबा भिलाईचा पोलाद कारखाना उभा राहत होता तेव्हा पवनीकडून खलाशी, म्हणजे हरकाम्या मजूर, म्हणून आले आणि कारखान्याजवळच्या मरोद्यात राहिले. संघमित्राबाई सून होऊन आल्या तेव्हा अमर सातवीत होता. सासू रुक्माबाईंनी पहिल्याच आठवड्यात त्याला हाताला धरून नव्या सुनेपुढे उभं केलं.

"बाई, तू विंग्रजी शाळेतली. याले जरा शिकव. नाई तं हा गुरं राखन."

"आपल्याकडं गुरं कुठं हायेत वो माय?" अमर म्हणाला आणि पाठीत धपाटा खाऊन पाटी घेऊन बसला.

त्याला इंग्रजी आलं ते मशीनचं पुस्तक वाचण्यापुरतं. तेवढंच त्याला हवंही होतं. पॉलिटेक्निक करून तो बाहेर पडला, तोवर कारखान्यातली भरती आटली होती. बरीच वर्षं ठेकेदाराच्या हाताखाली तो आत जात राहिला आणि मीटर, गेज दुरुस्त करत राहिला. मग एका खासगी टेस्टिंग लॅबमध्ये लागला. मुलगी हर्षा लहान असतानाच बायको वारली, तेव्हापासून बाप-लेक वहिनीच्या चुलीवरच जेवत आले. लॅबच्या मालकाने धंदा गुंडाळला तेव्हा सगळे जण आपापला हिशेब मागत होते. अमरदीपने मशीन मागितली. उतई रोडवर टिनाची शेड भाड्याने घेऊन काही वर्षांपूर्वी बुद्धपौर्णिमेला त्याने आपली स्वतःची लॅब उघडली.

मशीन चांगली दोन माणसांच्या उंचीची होती. घराच्या स्लॅबमध्ये घालतात त्या सळईचा हातभर तुकडा तिच्या वरच्या आणि खालच्या जबड्यात पकडायचा आणि तुटेपर्यंत ओढायचा. किती जोर लागला आणि सळई किती ताणली, ते शेजारच्या कॉम्प्युटरवर रेघेने चढत जाई. शेवटी बार उडाल्यासारखा आवाज होई. पहिल्यांदा गेल्या तेव्हा संघमित्राबाईंनी कान झाकून घेतले होते. पुढे मात्र रिपोर्ट इंग्रजीत टाइप करायचं काम त्यांच्याकडेच आलं आणि त्यांना त्या आवाजाची सवय झाली. तुटलेल्या तुकड्याचं टोक अमरदीप अंगठ्याने चाचपून बघे. त्या वेळी त्याला हाक मारली तर ऐकू येत नसे.

मशीन बंद पडली त्याचं कारण तपासणी. लॅबला मान्यता देणाऱ्या संस्थेची माणसं महिनाअखेरीस यायची होती. मान्यता असली तरच ठेकेदार रिपोर्ट घेत. मागच्या खेपेला त्यांनी शेरा मारला होता की जी मशीन वापरात नाही तिचा प्रोग्राम कॉम्प्युटरवर ठेवू नये. म्हणून अमरदीपने लोखंडाचा कडकपणा मोजणारा, कधीचा बिघडलेला हार्डनेस टेस्टर काढला आणि त्याचा प्रोग्रामही काढायला घेतला. काढताना कॉम्प्युटरने विचारलं : ही सामायिक फाईल आता कोणताही प्रोग्राम वापरत नाही असं दिसतं, काढून टाकू का? अमरदीपने दोनदा वाचलं आणि 'हो' दाबलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी हर्षा फोनवर होती. ती बंगळूरला सॉफ्टवेअरमध्येच काम करते. संघमित्राबाईंनी फोन जेवणाच्या टेबलावर आडवा ठेवला होता, दोघांना ऐकू यावं म्हणून.

"बाबा, दोन्ही मशीन कोइम्बतूरच्या एकाच कंपनीच्या आहेत ना? मग मशीनमधून जे रीडिंग येते, ते समजून प्रोग्रामले सांगणारी फाईल दोघांची एकच राहते. अलग-अलग नहीं डालते. काढून टाकली तर दोनों बंद."

"पण त्यानंच सांगतलं का कोणी वापरत नाई. मी काय मनानं काढली?"

"गिनती रखता है ना बाबा. प्रोग्राम इन्स्टॉल झाला की एक वाढते, काढला की एक कमी. शून्य झालं की विचारते."

अमरदीपला हे लगेच कळलं. कारखान्यात मोठ्या मशीनवर चढणारा प्रत्येक माणूस आधी तिच्या स्विचच्या हुकावर स्वतःच्या नावाचा टॅग लटकवतो. काम झालं की आपला टॅग आपणच काढतो. हुकावर एकही टॅग उरला नाही, म्हणजे आत कोणी नाही. अमरदीपच्या हाडात हा नियम मुरलेला. हुक रिकामा दिसल्यावर शंका घेणं त्याला कोणी शिकवलंच नव्हतं.

"मंग ओढायच्या मशीनचा टॅग होता ना त्याच्यावर," तो म्हणाला. "ते तं रोज चालू हाये."

"इन्स्टॉल कब किया था?"

अमरदीपने हातातली पोळी ताटाच्या कडेला ठेवली. "डिस्क खराब झाली होती तवा," तो सावकाश म्हणाला, "नवीन डिस्क टाकली. टेस्टरची सीडी चालली, या मशीनची चिरलेली होती, नाई चालली. तं मी पूरा फोल्डर उचलून नव्या डिस्कवर टाकला. डबल क्लिक केलं, चालू झाली. मी म्हटलं, झालं."

"तुम्ही कॉपी केलं. इन्स्टॉल नाही केलं. टेस्टरने फाईल आधीच आणली होती, त्याच्याच भरोशावर आपली मशीन चालत होती. गिनती में थी ही नहीं."

"म्हणजे माह्या मशीनचा टॅग लागलाच नव्हता."

"नाही लागला बाबा." हर्षाचा आवाज उतरला. मग तीच घाईने म्हणाली, "टेस्टरची सीडी आहे ना? ती टाका परत. पाच मिनिटात होते."

अमरदीपने वहिनीकडे पाहिलं. सीडी, वायर, पुस्तक, सगळं त्याने टेस्टरच्याच खोक्यात नीट भरून दिलं होतं. अर्धवट सामान देणं त्याला आवडत नसे.

तो स्कूटर काढायला धावला तेव्हा संघमित्राबाई चपला घालून फाटकात उभ्या होत्या.

"वैनी, तुमी कावून येता? तिथं कचरा हाये नुसता."

"तू गडबडीत हातातलीच वस्तू शोधत बसतोस. चल."

भंगारवाल्याच्या आवारात टेस्टर सापडला. एव्हाना त्याचे चार तुकडे झाले होते. खोकं दिसलं नाही. "सीडी-फीडी प्लास्टिक मा गे, साहब," भंगारवाला म्हणाला. "बिहनिया गाड़ी भर के रायपुर भेज देंव." गाडी सकाळीच गेली होती, तरी दोघांनी प्लास्टिकचा उरलेला ढीग उपसला. संघमित्राबाईंना एका लग्नाची, एका कीर्तनाची आणि कुठल्यातरी टूथपेस्टच्या जाहिरातीची सीडी सापडली. ऊन डोक्यावर आलं, तेव्हा भंगारवाल्यालाच कणव आली आणि त्याने त्यांच्यासाठी खुर्ची आणवली.

"जुनी डिस्क?" संध्याकाळी व्हिडिओ कॉलवर हर्षाने विचारलं. "खराब झालेली. त्यातून कोणी काढून देईल."

अमरदीप स्वयंपाकघरात गेला आणि आतून एक जाड, चकचकीत लोहचुंबक घेऊन आला. ती डिस्क त्यानेच उघडली होती. तिच्यातल्या चुंबकावर वहिनीच्या सुया छान चिकटतात म्हणून.

"हे घे तुही डिस्क," तो फोनसमोर चुंबक धरून म्हणाला. हर्षाला हसू आलं, मग तिघंही हसले. त्या घरात त्या महिन्यात हसले ते तेवढंच.

कोइम्बतूरच्या कंपनीला पत्र संघमित्राबाईंनी लिहिलं. मशीनचा नंबर, तिचं रीडिंग घेणाऱ्या कॉम्प्युटरमधल्या कार्डचा नंबर, फाईलचं नाव, सगळं क्रमाने, शेवटी नम्र विनंती. सिस्टरांनी त्या पत्राला पैकीच्या पैकी गुण दिले असते. उत्तर तिसऱ्याच माणसाकडून आलं. मूळ कंपनी विकली गेली होती. नव्या कंपनीने लिहिलं की इतक्या जुन्या कार्डाच्या फायली आम्ही ठेवत नाही, नवं कार्ड आणि नवा प्रोग्राम घ्यावा. किंमत जोडली होती. अमरदीपने कागद हातात घेतला, खालचा आकडा पाहिला आणि घडी घालून परत दिला.

त्याने नागपूरला फोन केला, राउरकेल्याला केला. अशी मशीन कोणाकडे होती, पण ती पार मोडीत निघाली होती. एका कॉलेजने अर्ज द्या म्हटलं, आणि मग फोन उचलणं सोडलं. शेडमध्ये सळयांचे तुकडे साचत गेले. प्रत्येकाच्या गळ्यात ज्याच्या त्याच्या नावाची चिठ्ठी.

शेवटी हर्षालाच इंटरनेटवर कुठेतरी त्याच नावाची फाईल सापडली. नाव तेच, फक्त नंतरच्या आवृत्तीची. तिने शनिवारी पाठवली. अमरदीपने ती जागेवर ठेवली, प्रोग्राम उघडला आणि पडद्यावर शून्य आलं, म्हणजे मशीनचं रीडिंग पुन्हा येऊ लागलं. त्या शून्याकडे तो बराच वेळ बघत राहिला.

भैयालाल तिथेच होता. तो कुम्हारीचा सळयांचा व्यापारी, अमरदीपचं सर्वांत जुनं गिऱ्हाईक. जातायेता चेष्टा करणारा. "क्या रामटेकेजी, जिंदा हो गई आपकी भैंस?" असं म्हणत त्याने आपलाच तुकडा पुढे केला. जबडे आवळले. रेघ चढत गेली, वाकली आणि शेडमध्ये बार उडाला. भैयालालने टाळी वाजवून समोरच्या टपरीवरून समोसे मागवले. संघमित्राबाईंनी बोटं पुसून टाइप करायला घेतलं. साचलेलं काम दिवसभर चाललं. अमरदीपने एकामागून एक सह्या केल्या, भैयालालचे रिपोर्ट सगळ्यांत आधी. नव्या फाईलनंतर मशीन पडताळून घ्यायची हे त्याला माहीत होतं. लोक दारात उभे होते. सोमवारी घेऊ, असं तो म्हणाला.

सोमवारी त्याने पोलादी कडं काढलं. हे साधं साधन असतं. जोर लावला की कडं किती दबतं ते त्याच्यावरचा काटाच सांगतो, त्यात कॉम्प्युटर नाही. मशीनचा आकडा आणि काट्याचा आकडा जुळायला हवा. कमी जोराला जुळला. जोर वाढत गेला तसा कॉम्प्युटर जास्त दाखवू लागला. तेवढाच फरक कायम असता तर त्याने तो वजा करून काम चालवलं असतं. पण दुपारी परत घेतलं तर फरक दुसराच आला, मशीन बंद करून सुरू केली तर तिसराच. फाईल त्या कार्डासाठी नव्हतीच.

तो घरी आला आणि चप्पल न काढता ओट्याशी उभा राहिला.

"वैनी, शनवारचे सगळे रिपोर्ट वापस बलवा लागते."

"सगळे?"

"कोनता खरा, कोनता खोटा, मले कसं समजन?"

संघमित्राबाईंनी पत्र टाइप केलं. 'दिलेले रिपोर्ट रद्द समजावेत' हे वाक्य त्यांनी तीन प्रकारे लिहून पाहिलं. सौम्य होईना.

भैयालाल दुसऱ्या दिवशी पत्र हातात घेऊन आला. त्याचा माल कुम्हारीतल्या एका दुकानाच्या स्लॅबमध्ये बसला होता आणि वर काँक्रीट पडलं होतं.

"ये क्या है? शनिवार को पास, मंगलवार को रद्द? मेरा आदमी पूछ रहा है, स्लॅब तोड़ूं क्या?"

"मशीन गलत बता रही थी, भैयालालजी."

"तो मुझे क्यों बता रहे हो? ज्यादा दिखा रही थी ना, कम तो नहीं? किसी को पता चलता?"

"मेरे को तो पता है ना."

"आपको पता है, बहुत अच्छा," भैयालाल म्हणाला. "अब पूरे कुम्हारी को पता है." जाताना तो संघमित्राबाईंना मात्र नमस्कार करून गेला.

त्याच मालाचे राहिलेले तुकडे त्याने रायपूरच्या लॅबला नेले. सळया उत्तम निघाल्या. अमरदीपला हे कळलं तेव्हा त्याला सुटल्यासारखं वाटलं असेल असं संघमित्राबाईंना वाटलं होतं. पण त्या रिपोर्टने त्याचं उरलंसुरलं नावही गेलं. माल चांगला असताना ज्याने आरडाओरडा केला, त्याच्याकडे परत कोण येणार? एकेक करून माणसं येऊन आपले तुकडे उचलून घेऊन गेली. काहींनी चिठ्ठ्या तिथेच टाकल्या.

तपासणीची माणसं ठरल्या दिवशी आली. दोघं होते, सभ्य होते, चहा नको म्हणाले. अमरदीपने त्यांना सगळं आपणहून सांगितलं : फाईल, टॅग, शनिवार, पत्र. त्यातला मोठा म्हणाला, तुम्ही प्रामाणिकपणे सांगितलंत, आम्ही तसं लिहू. त्यांनी तसं लिहिलंही. त्याच्या खालच्या ओळीत मान्यता काढून घेतल्याचं होतं. पुन्हा अर्ज करायचा तर आधी चालू मशीन हवी होती.

"बाबा, मी कर्ज काढते," हर्षा म्हणाली. "नवं कार्ड टाकू."

"आन् गिऱ्हाईक कोन टाकन? तू?" अमरदीप म्हणाला. मग आवाज खाली आणून, "नको बेटा. राहू दे."

हर्षा रडत होती. फाईल आपण पाठवली, असं ती पुनःपुन्हा म्हणत राहिली. संघमित्राबाईंनी फोन हातात घेऊन तिला जेवलीस का विचारलं. सुगत गेला तेव्हा याच दिराने आठ दिवस कोणाशी न बोलता घरातल्या सगळ्या खिडक्यांच्या कड्या दुरुस्त केल्या होत्या. आता दुरुस्त करण्यासारखं काही त्याच्या हाताशी नव्हतं. तो सकाळी अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून शेडवर जाई, मशीनला तेल देई आणि जेवायच्या वेळेला परत येई.

जुलैच्या शेवटी शेडच्या मालकाने जागा मागितली. मशीन आहे तशी घेणारा कोणी मिळाला नाही. तोच भंगारवाला गॅस कटर घेऊन आला. अमरदीप बाहेर स्कूटरवर बसून राहिला. संघमित्राबाई रिपोर्टच्या फायली बांधायला गेल्या होत्या, त्यांनी ते पाहिलं. दोन्ही खांब कापायला अर्धा दिवस लागला. वरचा जबडा खाली आला तेव्हा भंगारवाल्याने विचारलं, "येला रखहू का साहब, निसानी?" अमरदीपने मान हलवली, नको.

ऑगस्टमध्ये भैयालालनेच निरोप धाडला. मनात राग धरणारा माणूस नव्हता तो. कुम्हारीजवळ त्याच्या साडूचा धरमकाटा होता, ट्रक वजन करायचा. तिथे दिवसपाळीला एक माणूस हवा होता. अमरदीप गेला. पहिल्या दिवशी पाचच्या सुमारास परत आला, हातपाय धुतले आणि टेबलाशी जेवायला बसला.

"कशी आहे ड्युटी?" संघमित्राबाईंनी विचारलं.

"बटन दाबतो, वैनी. ट्रक चढते, आकडा येते, बटन दाबलं का चिट्ठी निंगते."

"आकडा बरोबर असतो?"

"मले कोन विचारते?" तो म्हणाला. घास गिळून स्वतःच बोलला, "एक बाजू जरा दबते काट्याची. मी साडूले सांगतलं. तो म्हने, आप बटन दबाओ."

"मग?"

"मंग काय. दाबतो."

त्याने भाजी परत मागितली नाही. पूर्वी तो जेवताना तुटलेल्या सळईच्या टोकाबद्दल बोलायचा, कुठली पेल्यासारखी तुटली, कुठली काचेसारखी, आणि संघमित्राबाई न कळताही हो हो म्हणायच्या. आज त्यांनी दोनदा त्याच्याकडे पाहिलं. तो ताटातला भात गोळा करत होता. मग उठला, ताट स्वतःच घासून ठेवलं आणि उद्याच्या डब्याला काय ते विचारून आपल्या खोलीत गेला. दार लावलं नाही. आत पंख्याखाली तो नुसताच बसलेला त्यांना दिसत होता.

वंदना आटोपून त्यांनी डायरी उघडली. पेन बराच वेळ हातात राहिलं. मग त्यांनी लिहिलं : नळाला गढूळ पाणी आलं, तुरटी फिरवून ठेवलं.